बारावा सोनार

१

पाणबुड्या सकाळी सव्वादहाला गेला आणि जेवणाची घंटा व्हायच्या आत अख्ख्या तळावर गुन्हेगार ठरून मोकळा झाला होता. सोनारनं मारला. बस्स, विषय संपला.

सोनार म्हणजे दागिने घडवणारा नव्हे. जहाजाच्या पोटाखाली पाण्यातले आवाज टिपणारं यंत्र असतं, त्याचं नाव सोनार. हेडफोन लावून ते आवाज ऐकत बसणाऱ्यालाही नौदलात सोनारच म्हणतात. दोन वर्षांपूर्वी हा पोरगा त्या ट्रेडला लागला, तेव्हा त्याची आत्या आपल्या झिजलेल्या पाटल्या घेऊन दारात हजर! "घरातच सोनार झाला, आता घडणावळ बाहेर कशाला द्यायची?" सगळे पोट धरधरून हसले होते. आता त्या घरात हसायची कोणाची टाप नव्हती.

झालं ते असं. बंदराच्या तोंडाशी सराव चालला होता. पाण्याखाली पाणबुड्याचे पाय जुन्या जाळ्यात अडकले. त्यानं छातीवरचं संकटाचं बटण दाबलं. त्यातून डासाच्या गुणगुणण्यासारखा बारीक, चिरका आवाज निघतो. सहा मिनिटं तो आवाज पाण्यात ओरडत होता. वर जहाजात सोनार हेडफोन लावून बसला होता. मागे उभा असलेला अधिकारी काही सांगत होता म्हणून त्यानं हेडफोनचा उजवा कप कानामागे सरकवला होता. डावा कानावर होता. डाव्या कानानं काहीच ऐकलं नाही.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरांनी पोराचे कान तपासले. उजवा खणखणीत. डावा बारीक आवाजाला ठार बहिरा, आणि तोही लहानपणापासून. मग भरतीच्या वेळची फाइल निघाली. तिच्यात कानांचा आलेख होता आणि त्यात दोन्ही कान उत्तम! म्हणजे आलेख खोटा. मग तो फाइलमध्ये घातला कोणी? चौकशी मंडळानं फार डोकं शिणवलं नाही. फायदा पोराचा, म्हणजे लबाडी पोराची. परवा कोर्ट बसायचं होतं, आणि कोर्टातून तो सरळ तुरुंगात जाणार हे शिपायापासून साहेबापर्यंत सगळे धरून चालले होते.

चौकशीचे कागद लावायचं काम रेकॉर्ड विभागाच्या बाईंकडे आलं. बाई लेखनिक ट्रेडच्या. बावीस वर्षं नौदलात, आणि जहाजावर पाय ठेवला तो फक्त समारंभाला. खलाशी त्यांना पाठीमागे ‘कागदी खलाशी’ म्हणत. काही दीडशहाणे तोंडावरही म्हणत. तोंडावर म्हणणाऱ्यांना एकदा भर मेसमध्ये ज्यानं झापलं होतं, तो सुकाणी उस्ताद त्या दुपारी बाईंच्या टेबलासमोर उभा होता. टोपी हातात, डोळे लाल.

"बाई, माझ्या पोराला वाचवा."

सोनार त्याचाच मुलगा. उस्तादनं पंचवीस वर्षं जहाजाचं सुकाणू धरलं होतं आणि आता तो रंगरूटांना डेकचं काम शिकवायचा.

"बसा आधी," बाई म्हणाल्या. "त्यानं कागद बदलला नाही याची खात्री आहे तुम्हाला?"

"माझं पोर आहे ते. लबाडी करायला डोकं लागतं, ते त्याला नाही. तो कानवाला बघा तुम्ही. रंगरूटांचे कान तपासणारा. त्याचा कारभार सगळा आंधळा. सही बघा ना कागदावर, त्याचीच आहे. एक तर माझं पोर आत जाईल नाहीतर तो कानवाला. तिसरं कोणी मला तरी दिसत नाही."

२

पोराला शस्त्रागाराच्या मागच्या खोलीत ठेवलं होतं. बाई आत गेल्या तेव्हा तो मान तिरकी करून, उजवा कान पुढे काढून बसला. ही त्याची सवय बाईंना आत्ता लक्षात आली. दोन वर्षं तळावर दिसत होता, पण कोण कशाला बघतंय!

"कागद तू बदललास?"

"नाही."

"मग कोणी?"

तो पायाच्या अंगठ्यानं फरशी खरवडत राहिला. "मला नाही माहीत," असं म्हणाला, पण वेळ लावून म्हणाला.

"डावा कान अधू आहे हे तुला माहीत होतं?"

"होतं."

"अरे मग बोलायचं नाही? माणूस मेला रे बाबा!"

"पहिल्या महिन्यात सांगितलं असतं तर घरी पाठवला असता. नंतर वाटलं, उजव्या कानावर निभतंय. दोन वर्षं निभलं." त्यानं तोंडावरून हात फिरवला. "भरती झाल्यावर सोळाव्या दिवशी त्यानं माझ्या ताटातला पापलेट पळवला होता, त्या पाणबुड्यानं. तेव्हापासूनची आमची दोस्ती. बाई, त्याच्या बायकोनं माझ्या तोंडावर थुंकायला हवं होतं. ती नुसती विचारत होती, सहा मिनिटं तू काय ऐकत होतास म्हणून."

बाईंनी उगाच फाइलची पानं चाळली.

"भरतीत कान तपासले तेव्हा काय झालं?"

"नापास झालो. कानवाला म्हणाला, डाव्यात गडबड आहे, सोनार विसर. मला काय, आनंदच झाला. चार दिवसांनी यादी लागली, तर बाराव्या नंबरावर माझं नाव. सोनार."

"आनंद कशाचा?"

पोरगा पहिल्यांदाच सरळ बघून बोलला. "मला सोनार व्हायचंच नव्हतं. अर्जात पहिली पसंती मी भटारी लिहिली होती. स्वयंपाकी."

बाईंनी फाइल उघडली. अर्जावर पहिली पसंती स्पष्ट लिहिलेली होती: सोनार. अक्षर पोराचंच होतं.

३

"अर्ज दुसऱ्यांदा लिहिला," एवढंच तो म्हणाला. त्यापुढे तोंडाला कुलूप.

बाई तणतणतच रेकॉर्ड विभागात आल्या. मंडळानं प्रत्येकाला त्या आलेखाची झेरॉक्स दिली होती. काळीपांढरी, पुसट. मंडळानं तीच बघितली, वकिलानं तीच, कानवाल्यालाही तीच दाखवली. मूळ कागद कोणी मागितलाच नव्हता. लोकांना वाटतं, कागद म्हणजे कागद. त्याची कितवीही प्रत काढा, मजकूर तोच. बाईंचं सगळं आयुष्य हे खोटं आहे एवढंच सांगण्यात गेलं होतं, आणि आजवर एकाही शहाण्यानं कान दिला नव्हता.

त्यांनी सील तोडून मूळ कागद काढला. मग त्याच तुकडीतल्या बाकीच्या अकरा सोनारांचे आलेखही काढले आणि बाराच्या बारा टेबलावर ओळीनं मांडले.

छापील फॉर्म साधा होता. दोन चौकटी, एकीवर ‘डावा’, दुसरीवर ‘उजवा’. त्यात ठिपके देऊन रेघ ओढायची. रेघ वर राहिली तर कान चांगला, खाली घसरली तर बिघडलेला. खाली शिक्का आणि कानवाल्याची वेलांटीदार सही. बाराही कागदांवर सही तीच, शिक्का तोच, शाईसुद्धा एकच.

बाईंनी चष्मा पुसला आणि पुन्हा बघितलं. आणि मग त्यांच्या तोंडून आपसूक "अगं बाई!" निघालं.

रेघा दोन रंगांच्या होत्या. एक लाल, एक निळी. अकरा कागदांवर लाल रेघ उजव्या कानाच्या चौकटीत होती. बाराव्यावर ती डाव्या कानाच्या चौकटीत होती.

४

"हात तुटला तरी मी लाल डाव्याला लावणार नाही!" कानवाला किंचाळलाच. "उजवा लाल, डावा निळा. आमच्या ट्रेडमध्ये पहिल्या दिवशी शिकवतात. झोपेत उठवून विचारा."

त्याची खोली म्हणजे भिंतींना कापूस चोपडलेली डबी. बोललेला शब्द तिथल्या तिथे मरायचा.

"पण सही तुमची आहे."

कानवाल्याचा चेहरा पडला. खालच्या खणातून त्यानं फॉर्मचा गठ्ठा काढला. पंचवीस-तीस कोरे फॉर्म, आणि प्रत्येकावर शिक्का आणि सही आधीच ठोकलेली.

"दिवसाला ऐंशी रंगरूट येतात, बाई. सह्या करत बसलो तर कान कधी तपासू? म्हणून... आधीच करून ठेवतो. हे मंडळाला सांगितलं तर नोकरी गेलीच माझी."

"नाही सांगितलं तर तुरुंगात जाल. खण उघडाच असतो?"

"असतो. रंगरूटांना रांगेनं घेऊन त्यांचे उस्ताद येतात, आत-बाहेर चालूच असतं."

म्हणजे कोरा फॉर्म कोणालाही उचलता आला असता. पण फाइलमधला खरा कागद काढून हा घालायला फाइल हातात हवी. त्या फायली एक दिवसासाठी फक्त ट्रेड वाटणाऱ्या समितीकडे जातात. समितीत तिघं: तळाचे साहेब, वाटप-कारकून आणि डेकतर्फे सुकाणी उस्ताद. पोराचं नाव पुकारलं तेव्हा उस्ताद उठून बाहेर गेला होता, आपल्या मुलाच्या बाबतीत बोलणार नाही म्हणून. त्याचं केवढं कौतुक झालं होतं!

"एक विचारते," बाई दारात थांबल्या. "लहानपणी कानाचा पडदा कशानं फाटतो?"

"मोठ्या स्फोटानं. कान पिकून. नाहीतर चपराकीनं. पंजा नेमका कानावर बसला की आतली हवा दबते आणि पडदा जातो. आतपर्यंत धक्का पोचला तर बारीक आवाज कायमचे गेले."

बाई बाहेर पडल्या आणि धक्क्याकडेनं चालू लागल्या. डेकच्या वर्गाची खिडकी उघडी होती. आत नवी तुकडी घसा फोडून घोकत होती. जहाजाच्या दिव्यांचा धडा चालला होता.

"डावा लाल! उजवा हिरवा!"

"मोठ्यानं!" आतून उस्तादचा आवाज आला. "डावा लाल! श्वास जसा घेता तसं आलं पाहिजे. चुकलात तर कानाखाली जाळ काढीन!"

पोरं हसली. उस्तादचं हे रोजचंच होतं. बाई मात्र भिंतीला हात टेकून उभ्याच राहिल्या.

५

नाही, उस्ताद नाही. बाईंनी मनाला ठणकावून सांगितलं. मदतीला आलेला माणूस तो. पोटचं पोर आत बसलंय त्याचं. डाव्याला लाल लावणारे तळावर शंभर निघतील.

पण फायली शंभर जणांकडे गेल्या नव्हत्या.

त्यांनी दोन पेनं आणि कोरे फॉर्म घेतले आणि आधी साहेबांकडे गेल्या. साहेब इंजिन ट्रेडचे, तीस वर्षं जहाजाच्या तळाशी तेलात काढलेली. बाई म्हणाल्या, "साहेब, दोन्ही कान चांगले असतील तर आलेख कसा दिसेल, काढून दाखवता? कोर्टाला समजावायचंय."

साहेबांनी निळं पेन उचललं आणि दोन्ही चौकटी निळ्यानंच भरल्या.

"लाल नको?"

"लाल मी हातात धरत नाही, बाई. आमच्याकडे लाल म्हणजे आगीच्या पाण्याचा पाइप. लाल रेघ बघितली की पाय पळायला लागतात." ते हसले, मग हसायचे थांबले. "माझ्यावर संशय आहे का? सरळ विचारा. नव्या जहाजाला बारा सोनार हवे होते. पास होणारे अकरा दिसत होते. आयत्या वेळी बारावा निघाला. मी का म्हणून विचारू कुठून आला? बारा मागितले, बारा दिले."

माणूस मेल्यावरही हे उत्तर त्यांना पुरेसं वाटत होतं.

वाटप-कारकून बाईंच्याच ट्रेडचा, त्यांच्याच हाताखाली शिकलेला. त्यानं दोन्ही पेनं हातात घेतली आणि नको तेवढा विचार करून विचारलं, "मॅडम, कुठला रंग कुठे ते कुठे लिहिलंय? नियम दाखवाल का?" नियमाशिवाय तो शिंकलाही नसता.

उरलं घर. उस्ताद वर्गावर असताना बाई त्याच्या क्वार्टरवर गेल्या. पोराची आई गॅसपाशी उभी होती. चहाचं आधण उतू गेलं तरी तिला भान नव्हतं.

"वहिनी, त्याचा डावा कान कधीपासून असा?"

"नऊ वर्षांचा होता. गणितात नापास झाला म्हणून ह्यांनी..." ती थांबली. ओट्यावरचा चहा फडक्यानं पुसू लागली. "पडला. पडला होता तो. जिन्यावरून."

"आणि उस्तादचा हात उजवाच ना?"

समोर उभ्या पोराच्या कुठल्या कानावर उजव्या हाताची चपराक बसते, हे सांगायला डॉक्टर लागत नाही. वहिनींनी फडकं तसंच डोळ्यांना लावलं.

६

संध्याकाळी उस्ताद स्वतःच आला. "काय झालं, बाई? कानवाला सापडला ना कचाट्यात?"

"जवळपास. कोर्टाला एक नमुना दाखवायचाय. दोन्ही कान चांगले असा आलेख तुम्ही काढा. मी काढला तर म्हणतील कागदी खलाशी, हिला काय कळतं."

उस्ताद हसला. लाल पेन उचललं आणि एक क्षणही न थांबता ‘डावा’ लिहिलेल्या चौकटीत झरझर रेघ ओढली. मग निळं घेतलं आणि उजवीकडची चौकट भरली.

बाईंनी त्याशेजारी मूळ कागद ठेवला. मग अकरांपैकी एक.

उस्ताद बघत राहिला. त्याला समजायला वेळ लागला. समजलं तेव्हा तो खुर्चीतच खचला.

"कानवाल्यांत लाल उजवा असतो, उस्ताद. डावा लाल तुमच्यात. कोरा सही केलेला फॉर्म रंगरूटांना घेऊन गेलात तेव्हा उचललात. फाइल समितीतून हातात आली. आणि पोरगा नापास होणार हे निकालाच्या आधीच माहीत असलेलं माणूस तळावर एकच होतं."

"एकच मारली होती, बाई. देवाशपथ, एकच. रोज म्हणतो ना मी, कानाखाली जाळ काढीन. सगळे हसतात. एकदा खरंच काढला. तीन महिने उशी पुवानं भिजायची त्याची." त्यानं स्वतःचा उजवा पंजा टेबलाखाली लपवला. "माझ्या हातानं गेलेला कान. त्यापायी त्यानं माझ्यासारखं आयुष्यभर डेकवर गंज खरवडत बसायचं? सोनार म्हणजे बंद केबिन, पंखा, इज्जत. मी त्याचं देणं फेडत होतो."

"तो भटारी व्हायला निघाला होता. भटारखान्यात डाव्या कानाचं काही अडत नाही. सुखात असता पोरगा. पाणबुड्याही जिवंत असता."

"माझा मुलगा कांदे चिरणार?" उस्ताद एकदम उसळला. "पंचवीस वर्षं सुकाणू धरलेल्या माणसाचा मुलगा?"

बाई त्याच्याकडे बघतच राहिल्या. एवढं होऊनही त्याला कांदेच दिसत होते.

"आणि कानवाला? त्याला पाठवणार होतात आत?"

"त्याच्यामागे कोण रडणारं आहे? बायको नाही, पोर नाही."

"मग माझ्याकडे आलात कशाला, उस्ताद? मी शोधलं नसतं असं वाटलं?"

उस्तादनं मान खाली घातली. खोटं बोलायचं त्राण आता त्याच्यात उरलं नव्हतं. "वाटलं, तुम्ही लेखनिक. सही बघाल, शिक्का बघाल, कानवाल्याचं नाव लिहाल. जहाजावर न गेलेल्या बाईला डावा-उजवा काय कळणार."

भर मेसमध्ये त्यांची बाजू घेणारा एकमेव माणूस. बाईंना वाटलं, उठावं आणि ह्याच्या कानाखाली... त्यांनी हात मांडीवर घट्ट दाबून धरला. मग एक कोरा कागद त्याच्यासमोर सरकवला.

"लिहा. तुमच्या अक्षरात. आणि सही शेवटी करा, आधी नको."

७

सकाळी बाई स्वतः जबाब घेऊन शस्त्रागारामागच्या खोलीत गेल्या. पोरानं उजवा कान पुढे केला आणि सगळं ऐकून घेतलं. लबाडीचा आरोप सुटेल, आज घरी सोडतील. ट्रेड जाईल, नोकरीही जाईल. कान माहीत असून गप्प राहिल्याबद्दल जे काय व्हायचं ते होईल. कानवाला सुटला, फक्त त्याची बदली होईल. उस्तादला दुपारी ताब्यात घेतील.

पोराच्या चेहऱ्यावर आश्चर्याची रेषही उमटली नाही.

"तुला माहीत होतं," बाई म्हणाल्या.

"यादी लागली तेव्हाच. नापास माणूस पास कसा होतो, बाई? बाबांनी अर्ज फाडून दुसरा लिहायला लावला होता, तेव्हाच बोलले होते, बाकीचं मी बघतो म्हणून."

"मग इथे गप्प का बसलास इतके दिवस? तुरुंगात गेला असतास!"

"वाट बघत होतो."

"कशाची?"

"त्यांनी येऊन सांगायची." तो थोडा पुढे सरकला, एकही शब्द निसटू नये असा. "बाई, त्यांनी स्वतःहून सांगितलं का?"

बाईंना त्याच्या विचारण्यातला जीव कळला. ‘हो’ म्हणायला काय लागत होतं? एक अक्षर. ते कुठल्या कागदावरही चढलं नसतं. बावीस वर्षांत त्यांनी खोटी नोंद केली नव्हती, आणि आत्ता पहिल्यांदा ती करावीशी वाटली. त्यांनी तोंड उघडलं. मग पाणबुड्याची बायको आठवली. दोन वर्षं सगळ्यांनी मिळून सांभाळलेलं एक खोटं तिच्या नवऱ्याच्या डोक्यावर बसलं होतं.

"नाही," त्या म्हणाल्या. "मी पकडल्यावर सांगितलं."

पोरानं मान हलवली.

"बरं झालं सांगितलंत. ‘हो’ म्हणाल्या असतात, तर बाबांना भेटायला मी आज घरी गेलो असतो."